तीनदा विचारलं होतं

माकूच्या पायांना गुडघ्यापर्यंत मीठ चिकटलं होतं, डोक्यावर मिठाचं घमेलं होतं… आणि खाजणाच्या काठावरून कुणीतरी ओरडलं, "हीच! हीच आमची नवरी!"

घानाच्या राजधानीतून, आक्राहून आलेल्या माहितीपटवाल्या बाई. मीठवाल्यांचं लग्न कसं ठरतं ते त्यांना दाखवायचं होतं. नवरदेव म्हणून त्यांनी तेयेला धरून ठेवलं होतं. तो ट्रोट्रो चालवायचा, म्हणजे त्यांच्या आदा गावची वडाप.

"मला वेळ नाही," माकू म्हणाली. "ऊन आहे तोवर मीठ भरायचंय."

"मलाही नव्हता," तेये म्हणाला. "पण आता… आहे."

"गाडीतल्या प्रत्येकीला हेच ऐकवतोस?"

"सतराजणी बसतात गं. घसा बसेल माझा!"

माकूने तोंड फिरवलं. हसू कशाला दाखवायचं लगेच?

दुसऱ्या दिवशी तिच्या अंगणात शूटिंग झालं. तेयेने रीतीप्रमाणे दार ठोठावलं, बाटली पुढे ठेवली. बाटलीत दारूऐवजी नुसतं पाणी. पण माकूचे पुप्लाम्पू काका खऱ्यासारखे ताठ बसले. मुलीला तीनदा विचारल्याशिवाय बूच काढायचं नाही, ही तिथली रीत.

"माकू, घेऊ ही बाटली? उद्या परत करायला लावशील तर आत्ताच बोल."

"घ्या."

"घेऊ?"

"घ्या."

तिसऱ्या वेळी तिने तेयेकडे पाहिलं. तो कॅमेरा विसरला होता. टोपी हातात चुरगाळत होता, ओठ कोरडे पडलेले…

"घ्या," ती म्हणाली. आवाज इतका बारीक, की माइकवाला वैतागला.

मग तीन महिने ट्रोट्रोतली पुढची जागा तिच्यासाठी रिकामी.

"ते तिसरं 'घ्या'… नाटकातलंच ना?" तेयेने एकदा विचारलं.

"कॅमेऱ्याला विचार."

"विचारणारच. तेमा बंदरावर ट्रक चालवायला बोलावलंय मला. पडद्यावर तुझा चेहरा बघेन. नाटक असेल, तर जाईन."

ती उतरून चालू लागली. खरं बोलायला काय जीभ झडली असती? पण नाही!

शाळेच्या वर्गात, खिडक्यांना कापडं लावून, भर दुपारी माहितीपट दाखवला. दार वाजलं, बाटली आली… आणि थेट बूच निघालं! तिन्ही प्रश्न कापलेले. त्यावर खाजणातला माकूचा खाली झुकलेला चेहरा, आणि एक गोड आवाज सांगत होता, "इथे मुलीला कुणी विचारत नाही."

तेव्हा डोळ्यात मीठ गेलं म्हणून तिने मान खाली घातली होती! शहरातली माणसं निकाल घरून लिहून आणतात. गावात येतात ती फक्त चेहरे न्यायला.

काकांनी काठी जमिनीवर आपटली. तेये उठला आणि खालमानेने दाराकडे निघाला.

माकू ताडकन पडद्यासमोर उभी राहिली. चित्र तिच्या अंगावर पडलं.

"बंद करा ते! मला विचारलं होतं. तीनदा! तुमच्या आक्रात कितीदा विचारतात हो, बाई?"

"अगं, वेळ कमी होता. काहीतरी कापावंच लागतं."

"मग माझं मीठ कापायचं होतंत! माझी जीभ का कापलीत?"

"माकू, ते नाटक होतं…"

"तुमचं असेल! माझं नव्हतं. तिन्ही वेळा मी खरं—"

बोलून गेली, आणि मग तिच्या कानांनी ते ऐकलं. तेयेचा हात कडीवरच राहिला.

"म्हणजे पोरी," काका म्हणाले, "पाण्याच्या बाटलीवर लग्न ठरवून बसलीस?"

सगळा वर्ग फुटला हसून. तेयेला मात्र हसताही येईना. "काका… खरी बाटली घेऊन रविवारी येऊ?"

"मला काय विचारतोस, गाढवा? तिला विचार."

तो वळला. "माकू… तेमाला नाही म्हणून कळवतो. रविवारी येऊ?"

"रविवार फार लांब आहे," माकू म्हणाली. कॅमेरावाल्याचा हात पिशवीत गेलेला तिने पाहिला. "शनिवारी ये. घरची माणसं घेऊन ये… आणि ह्यांना बोलवू नकोस."