वारलूची पाळी

विस्तव जरा इकडे ओढा. आणि दसरू, तुला मधेच हसायचं असेल तर आत्ताच घरी जा. ही गोष्ट रचलेली नाही. ज्याच्यावर गुदरली तो सोमाजी माझ्या शेजारी वीस वर्षं राहिला. गप्पा मारणाऱ्यातला तो नव्हता. बायकोकडे मीठ मागायचं तरी बोटाने दाखवायचा. त्याने ही गोष्ट आयुष्यात दोनदा सांगितली, आणि दोन्ही वेळा एक शब्द इकडचा तिकडे झाला नाही.

तारीखही पक्की आहे. १९५५ साल, डिसेंबरची चौदा, बुधवार. कार्तिकातली अमावस्या, आणि त्याच दुपारी सूर्याला ग्रहण लागलं होतं. तेव्हा चंद्रपूरला चांदा म्हणत, आणि आपला हा सगळा मुलूख चांद्यातच मोडायचा.

सोमाजी चामोर्शीबाहेरच्या एका धानाच्या गिरणीत बॉयलरवर होता. गिरणी उसन्या, म्हणजे उकड्या तांदळाची. हौदात धान भिजत घालायचं, त्यात वाफ सोडायची, मग अंगणात वाळवून भरडायचं. वाफ करणारा बॉयलर लहानच, कमी दाबाचा, कोंडा जाळून चालणारा. मालक म्हणायचा, हे काही आगगाडीचं इंजिन नाही. लहान म्हणून त्याला कोणी भ्यायचं नाही, आणि तिथेच माणसं फसायची. अरे, डेग लहान असला तरी झाकण घट्ट बसवून चुलीवर विसरलात तर काय होईल? तसंच.

आता एक गोष्ट नीट ऐकून ठेवा, म्हणजे पुढचं कळेल. बॉयलरमधलं पाणी बाहेरून दिसत नाही. म्हणून त्याच्या अंगावर एक उभी काचेची नळी असते, वर एक कॉक, म्हणजे तोटी, आणि खाली पाणी सोडायला एक कॉक. आत जेवढं पाणी तेवढंच काचेत दिसतं. पण बॉयलरमधून काचेत येणारी खालची वाट गाळाने बुजली, तर काचेत अडकलेलं पाणी तिथेच राहतं आणि आतलं पाणी गुपचूप आटत जातं. काच खोटं बोलते. म्हणून दर पाळीला काच फुंकायची. खालचा कॉक उघडायचा, पाणी सर्रकन खाली जायला हवं आणि कॉक लावताच तसंच वर यायला हवं.

या गिरणीतली रीत अशी होती की, येणाऱ्याने काच फुंकायची, पाणी पडलेलं-चढलेलं डोळ्यांनी बघायचं आणि म्हणायचं, ‘घेतला, भाऊ. जाय तू.’ हे शब्द कानावर पडल्याशिवाय आधीच्या पाळीवाल्याने जागा सोडायची नाही. मग बाप मेल्याचा निरोप का येईना.

ही रीत सोमाजीला शिकवली त्याच्या जुन्या जोडीदाराने, वारलूने. आणि वारलू त्याच रीतीपायी गेला.

त्या डिसेंबरच्या तीन वर्षं आधीची गोष्ट. मंडईचे, म्हणजे दिवाळीनंतरच्या जत्रांचे दिवस. सोमाजीची रात्रीची पाळी होती, पण शेजारच्या गावी नाटक होतं. नाटक रंगलं, सोमाजी बसला तो उजाडेपर्यंत बसला. इकडे वारलू दिवसभर राबलेला, बदली येईना, जागा सोडता येईना. पहाटे त्याला डुलकी लागली. जाग आली तेव्हा काच रिकामी. भट्टीचं छत, म्हणजे ज्याच्यावर बॉयलरचं पाणी असतं ते लोखंड, लाल झालेलं. अशा वेळी पाणी घालायचं नसतं. आग मारायची आणि माणसं दूर न्यायची, बस. लाल लोखंडावर थंड पाणी पडलं की त्याची एका क्षणात वाफ होते आणि बॉयलर फाटतो. वारलूनेच हे सोमाजीला शिकवलं होतं. पण झोपेतून दचकून उठलेल्या माणसाचे हात आधी चालतात, डोकं मागून. टाक्यातलं पाणी बॉयलरमध्ये ढकलणारा हातपंप त्याने मारला.

सोमाजी नाटकाहून परतला तेव्हा शेडचं छप्पर शेतात पडलं होतं.

त्याला कोणी बोललं नाही. वारलूच्या बायकोनेसुद्धा नाही. तेच त्याला जन्मभर खात राहिलं. मालकाने दुसरीकडून जुना बॉयलर आणून बसवला आणि त्यावर सोमाजीलाच ठेवलं.

तर त्या डिसेंबरात काच वरच्या टोकाला तडकली. गिरणीत दुसरी नव्हती. काच फुंकताना हबका बसून ती फुटली तर गिरणीच बंद. म्हणून सोमाजीने खालचा कॉक सुतळीने बांधून टाकला आणि मुखरू नावाच्या जोडीदाराला बजावलं, ‘नवी काच येतपर्यंत याले हात लावू नोको.’ चार दिवस कोणी काच फुंकली नाही. कधी नव्हे ते, रीत त्याने स्वतःच्या हाताने बांधली.

बुधवारी पहाटे तो काच आणायला चांद्याला गेला. दुकानात ती मिळाली, बांबूच्या नळकांड्यात तणस, म्हणजे धानाचा पेंढा, कोंबून बांधून घेतली. येताना बस अर्ध्या वाटेत दोन तास उभी राहिली. वैनगंगेवर डोंग्यात बसायला साडेसात झाले. डोंगेवाला पोचू ग्रहणाची आंघोळ संध्याकाळी उरकून थंडीने कुडकुडत होता, एरवी न बोलणाऱ्या सोमाजीने त्याची थट्टाही केली. मग दोन कोस पायी. आभाळात चांदण्या, खाली मिट्ट काळोख. घाई होती ती वेगळ्याच कारणाने. बायकोला, मनकर्णाला, सातवा महिना. आधीची दोन पोटं गेलेली. ती गिरणीच्याच चाळीत होती, आणि चाळ बॉयलरच्या मागच्या भिंतीला लागून. थंडीत ती भिंत उबदार असते, म्हणून हंगामाला आलेल्या जंगलातल्या अकरा बाया आणि मनकर्णा अशा बाराजणी भिंतीला पाठ लावून निजायच्या.

गिरणी दोन शेतं राहिली तेव्हा त्याला आवाज ऐकू आला.

खड्... खड्... खड्...

हातपंपाचा. सोमाजीने ओळखला. कोरडा आवाज होता. पंपाने पाणी धरलं नसलं की असा वाजतो. त्याला वाटलं, मुखरू पाणी घालतोय. बरं झालं.

फाटकाशी आला तर मुखरू बाहेर. चिंचेखाली घोंगडं पांघरून उकिडवा बसलेला. जवळ कंदील.

सोमाजी थबकला. आवाज चालूच होता.

‘मुखरू... पंप कोन मारून राह्यला?’

मुखरूने मान वर केली. त्याचे दात वाजत होते.

‘मले नाई माहीत, भाऊ.’

‘आत कोन हाये?’

‘कोनी नाई. मी पाह्यलं.’ मग थांबून म्हणाला, ‘नऊ वाजता सुरू झाला. मी बाहेर आलो तो आतच गेलो नाई.’

खड्... खड्...

सोमाजी धंद्याचा माणूस, त्याला आधी धंद्याचंच सुचलं.

‘पानी कवा घातलं होतं?’

‘ग्रहन लागाच्या आंधी.’

‘अकरा वाजता?’

‘हो. ग्रहनात पानी कसं घालाव? टाक्याचं पानी बायांनी फेकून देल्लं. मोक्ष झाल्यावर नवं भरलं.’

‘मंग त्याच्यानंतर?’

‘जरूरच नाई पडली, भाऊ.’ मुखरू भोळेपणाने म्हणाला. ‘काच त अर्धी हाये. सकाळपासून अर्धीच हाये.’

सोमाजीने मनात तास मोजले.

दहा तास. भट्टी पेटती, हौदांना वाफ चालू, पाण्याचा थेंब घातलेला नाही... आणि काच अर्धी.

काच खोटं बोलत होती. सुतळी त्याने बांधली होती.

त्याने कंदील उचलला आणि शेडमध्ये शिरला. आधी काच पाहिली. चालू बॉयलरचं पाणी काचेत कधी स्थिर नसतं, सारखं थरथरतं. हे पाणी निवांत होतं. डबक्यासारखं.

भट्टीचं दार त्याने हुकाने उघडलं. वर पाहिलं.

छत लाल होतं. मध्यभागी थोडं खाली झुकलं होतं.

आणि पलीकडच्या भिंतीशी पंपाची दांडी खाली-वर होत होती.

तिथे कोणी नव्हतं. कंदिलाच्या उजेडात स्वच्छ दिसत होतं, कोणी नव्हतं. दांडी खाली जाई. वर येई. दमलेल्या माणसाने मारावी तशी, खाली गेल्यावर जरा टेकून. दांडीच्या मागे हवा पांढुरकी झाली होती, थंडीत ओल्या अंगाची वाफ निघते तशी. आणि वास... उकडलेल्या धानाचा. हौद तर दुसऱ्या टोकाला.

खड्... खड्...

सोमाजीने दांडी धरायला हात पुढे केला. त्याला हातभर अंतरावरून धग लागली. बोटं मागे आली.

टाकं रिकामं केल्याने पंपाच्या नळीत हवा भरली होती, म्हणून अजून पाणी चढलं नव्हतं. पण दांडी थांबत नव्हती. कधी ना कधी चढणारच.

भिंतीपलीकडून कोणीतरी झोपेत खोकलं. मनकर्णा. तो खोकला तो ओळखायचा.

खड्... खड्... खळ्.

आवाज बदलला.

खळ्... खळप्...

नळीत पाणी चढत होतं. ओरडून बाया उठवायच्या तर बाराजणी, अंधार, एकच दार. वेळ कुठे होता? दांडी आता जड जात होती. खाली... टेकून... वर.

असा पंप मारणारा माणूस त्याने एकच पाहिला होता.

‘वारलूभाऊ...’

दांडी चालूच.

जे बोलायचं ते त्याला ठाऊक होतं. तीन वर्षांपूर्वी बोलायचं होतं ते. पण पंपाकडे बघून नुसतं बोलणं खोटं झालं असतं. आधी काच फुंकायची, मग बोलायचं, अशी रीत.

तो वळला. बॉयलरशी गेला. सुतळीची गाठ सुटेना, दातांनी तोडली. खालचा कॉक उघडला. काचेतलं अडकलेलं पाणी भसकन पायावर पडलं, भाजलं. कॉक लावला.

काच रिकामी. पुन्हा भरली नाही.

‘पाह्यली,’ तो म्हणाला. आवाज रडका झाला होता. ‘पाह्यली, भाऊ. पानी नाई. पाळी माही होती. मी आलो नाई... माही चूक झाली.’

खळप्...

‘घेतला, भाऊ. जाय तू.’

दांडी वर गेली... आणि वरच थांबली.

शेडमध्ये काही आवाज नाही. भट्टीचासुद्धा नाही.

मग ती हळूहळू खाली आली. पडली नाही. कोणीतरी नीट टेकवून ठेवावी तशी आली.

सोमाजी तिकडे पुन्हा बघायला थांबला नाही. ‘मुखरू, बाया काढ!’ एवढंच ओरडला आणि राखेच्या ढिगाला भिडला. टोपलीमागून टोपली राख भट्टीत. आग पुरती दबली तेव्हा दार लावलं, धुराड्याची झडप बंद केली. अशा वेळी दाब एकदम हलला तरी बॉयलर फाटतो, म्हणून वाफेच्या एकाही कॉकला हात लावला नाही. मग शेताकडे पळाला. बाराजणी तणसाच्या ढिगाआड बसल्या होत्या. मनकर्णा थरथरत होती. त्याने तिच्या पोटावर हात ठेवला आणि उजाडेपर्यंत काढला नाही. रात्रभर शेडमधून निवणाऱ्या लोखंडाचा आवाज येत होता. टक्... टक्... जंगलातली सोमारी नावाची बाई तेवढी बोलली. म्हणाली, ‘भिंतीले टेकून कोनी त निजला होता आमच्या रांगेत. आंग लय गरम होतं त्याचं.’

मनकर्णाला फाल्गुनात मुलगी झाली. धडधाकट. तिचीही आता नातवंडं आहेत.

बॉयलर निवायला दोन दिवस गेले. शनिवारी सकाळी मालकासमोर त्याचं झाकण उघडलं. आठ नट, वर्षभर कोणी न हलवलेले, गंजून चिकटलेले. एकेक फोडावा लागला. सोमाजी बारीक अंगाचा, तोच दिवा घेऊन आत उतरला.

आत तळापासून बाजूंपर्यंत बोटभर गाळ चढला होता. त्या रात्रीच्या तापाने तो विटेसारखा भाजून निघाला होता, नखाने खरवडता येईना. काचेच्या खालच्या वाटेचं भोक दिवा धरून धरून शोधावं लागलं. गाळाने ते पक्कं बुजलं होतं. पण भोकाच्या भोवती...

‘का हाये, भाऊ?’ मुखरूने वरून विचारलं.

सोमाजीने दिवा आणखी जवळ नेला.

भोकाभोवतीचा गाळ खरवडला होता. चार-चार बोटांचे ओरखडे, एकावर एक, आतल्या बाजूने. कोणीतरी बुजलेली वाट मोकळी करायला बघत होतं.

सोमाजीने त्यातल्या एका ओरखड्यात बोट घातलं. आजूबाजूच्या गाळाची वीट झालेली, आणि तेवढा गाळ ओला होता, नुकताच कोणी खरवडल्यासारखा.