सुरमईचे सगळे अर्थ

तो पहिल्यांदा दिसला तेव्हा तिला त्याचा चेहरा दिसलाच नाही. दिसली ती त्याची पाठ, आणि पांढऱ्या शर्टावर उलटी उमटलेली, तिनेच थोड्या वेळापूर्वी काढलेली दोन निळी अक्षरं.

"अहो! अहो, पांढरा शर्ट!"

तो थांबला. "मी?"

"दुसरं कोण? माझी दोन अक्षरं घेऊन चाललात."

स्वतःची पाठ पाहण्यासाठी त्याने स्वतःभोवतीच एक गिरकी घेतली. मग दुसरी, उलट्या दिशेने. गोदीतले दोघे सुतार हातातलं काम टाकून हसू लागले. तिलाही हसू आवरेना, पण अक्षरं तिची होती, तेव्हा तिने कपाळावर आठी आणण्याचा प्रयत्न केला.

"ओला रंग आहे, अशी पाटी लावायची पद्धत असते," तो म्हणाला.

"होडीला टेकू नये, अशीसुद्धा असते."

टर्पेंटाइनमध्ये बुडवलेली चिंधी घेऊन ती त्याची पाठ पुसू लागली. शाळेत छडी खायला उभ्या राहिलेल्या मुलासारखा तो ताठ उभा होता. दुपारचं ऊन लाकडावर तापत होतं, जवसाच्या तेलाचा उग्र वास हवेत जड होऊन राहिला होता. चिंधीखालून त्याच्या श्वासाची वरखाली होणारी लय मात्र तिला अगदी स्पष्ट जाणवत होती. आवश्यकतेपेक्षा थोडं अधिकच पुसलं आपण, हे तिच्या पुष्कळ उशिरा लक्षात आलं.

"मी खरं तर नाव काढून घ्यायलाच आलोय," तो म्हणाला. "पलीकडे नवी लाँच उभी आहे ना, ती आमची. आजोबांनी बांधून घेतली, मी चालवणार."

"काय नाव काढायचं?"

"सुरमई."

"म्हणजे?"

"म्हणजे... मासा. तुम्ही पाहिला नाहीत कधी?"

"मासा पाहिलाय हो. नावाचा अर्थ विचारतेय."

आणि इथून ते सगळं सुरू झालं.

त्या दिवसांत होड्यांवरची नावं हातानेच काढली जात. आता ती चिकटपट्टीवर छापून येतात आणि तासाभरात लागतात. सगळी सारखीच देखणी असतात, आणि सारखीच मुकी. तेव्हा मात्र गोदीच्या टोकाला पत्र्याच्या शेडमध्ये तिच्या बाबांचं दुकान होतं. बाबा सगळ्यांचे पेंटरकाका. त्यांचे हात अलीकडे थरथरू लागले होते, म्हणून दोरी ताणून खडूच्या रेषा ते मारत आणि ब्रश तिच्या हाती देत. दुकानाचा एक नियम होता. मालकाने नावाचा अर्थ सांगितल्याशिवाय ब्रश रंगात बुडायचा नाही. कुणाची मुलगी, कुणाचं गाव, कुणाचा नवस... काहीही असो, पण ते ऐकल्याशिवाय अक्षराला डौल येत नाही, असं बाबा म्हणत. लोक वैतागत, आणि मग मांडी घालून बसत, आणि तास तास बोलत.

लाँचवाला दुसऱ्या दिवशी आला तो अर्थ घेऊनच.

"तिची पाठ सुरम्याच्या रंगाची असते. म्हणून सुरमई. झालं?"

"हा रंग झाला. रंग माझ्या डब्यातही आहे."

"मग तुम्हाला काय हवंय?"

"सुरमा लावतं कोण? का लावतं? एवढ्या माशांमधून तिलाच का?"

"एका माशाची एवढी चौकशी पोलीससुद्धा करत नाहीत," तो पुटपुटला. पण जाताना हसत गेला.

तिसऱ्यांदा त्याने आणलेली गोष्ट दुःखाची होती. एका बाईचा नवरा समुद्रावर गेला तो परतलाच नाही. ती रोज डोळ्यांत सुरमा घालून किनाऱ्यावर उभी राही, कारण त्याला ते डोळे दुरूनही ओळखू येत. रडून रडून सगळा सुरमा पाण्यात उतरला, आणि तिथून जाणाऱ्या माशांच्या थव्याने तो अंगावर घेतला. अजूनही ते थवे तिच्या नवऱ्याला शोधत फिरतात म्हणे.

सांगताना त्याचा आवाज नकळत खाली आला होता. ती ब्रश पुसत राहिली. मग म्हणाली, "छान आहे... पण नको. रडकी गोष्ट होडीला नको. पाणी आधीच पुरेसं खारट आहे."

"अगं, घे की ती," बाबा आतून म्हणाले. "चांगली गोष्ट आहे."

"बाबा, नियम तुमचाच आहे ना?"

"नियम माझा आहे गं. पण एवढा कडक कधी होता?"

ती खडूच्या रेषेवर वाकली. कान मात्र तापले.

मग तो येतच राहिला. कधी सकाळी, डिझेलचा वास घेऊन. कधी संध्याकाळी, जेव्हा उजेड पाण्यावरून पाय न वाजवता निघून जात असे. ती रेषा ओढत असे आणि तो उपड्या डब्यावर बसून बोलत असे. त्याला मध्येच थांबायची सवय होती, वाक्य अर्धं सोडून तो तिच्या हाताकडे पाहत राही, आणि ती वर न बघता म्हणे, "पुढे?"

तिला सगळ्यांत आवडली ती रात्रीची गोष्ट. सुरमई म्हणे पूर्वी चांदीसारखी पांढरीशुभ्र होती, आणि त्याचा तिला कंटाळा आला होता. एकदा तिने रात्रीकडे चिमूटभर सुरमा मागितला, फक्त डोळ्यांपुरता. रात्र मोठ्या मनाची. तिने डबीच पुढे केली. पण माशाला बोटं कुठे असतात? सुरमईने डबीत तोंड घातलं, डबी उलटली, आणि सगळा सुरमा पाठीवर सांडला. डोळे राहिले ते कोरेच.

ती खळखळून हसली. "ही तुम्ही रचलीत."

"कशावरून?"

"सांगताना तुम्ही माझ्या गालाकडे बघत होतात. तिथे रंग लागलाय ना?"

"थोडा..." तो म्हणाला. "निळा. पुसू नका."

त्या संध्याकाळी ब्रश धुताना तिने आरशात पाहिलं. डाग होता. तो तिने झोपेपर्यंत तसाच राहू दिला, आणि स्वतःलाच वेड्यात काढलं.

नंतर एके दिवशी तो आला तो डब्यावर बसलाच नाही.

"सुरमई कधी थांबत नाही म्हणतात," तो पाण्याकडे पाहत म्हणाला. "झोपेतसुद्धा पोहत असते. म्हणून जलद जाणाऱ्या होडीला तिचं नाव देतात." पायाशी पडलेला एक खडा त्याने पाण्यात टाकला. "बेटावरच्या ज्या मालकांनी आमची लाँच भाड्याने ठरवलीय, त्यांचा निरोप आलाय. मोसम सुरू व्हायच्या आत लाँच तिथे हवी. फेऱ्या तिकडेच करायच्या, राहायचंही तिकडेच."

"तिकडेच... म्हणजे कायमचं?"

"काम आहे तोवर. हा अर्थ चालेल?"

एक गोदी, एक शेड, आणि आत खडूची दोरी गुंडाळत बसलेला, थरथरत्या हातांचा बाप. तिला जे काही विचारायचं होतं ते त्या सगळ्याला वळसा घालून ओठांपर्यंत आलं आणि परत गेलं.

"चालेल," ती म्हणाली. "उद्या काढते."

रात्रभर अवेळी पाऊस भुरभुरत राहिला. सकाळी ऊन पडण्याआधीच ती लाँचपाशी गेली आणि एका दमात चारही अक्षरं काढून मोकळी झाली. रागावलेल्या माणसाने दार लावावं, तशी. तिचा राग कुणावर होता? त्याच्यावर, बेटावर, की इतके दिवस सगळ्या गोष्टी नाकारून शेवटी नेमकी निघून जाण्याचीच गोष्ट मान्य करणाऱ्या स्वतःवर? दुपारपर्यंत ऊन चढलं आणि अक्षरांच्या अंगावर फोड उठले. बाबांनी नख लावलं तर सालासारखा पापुद्रा निघून हातात आला.

"ओल्या फळीवर?" ते म्हणाले.

तिने मान खाली घातली.

"दहा वर्षांची होतीस तेव्हासुद्धा ही चूक केली नव्हतीस."

"आता केली."

बाबांनी पापुद्रा बोटांत चुरला, तिच्याकडे पाहिलं, आणि आणखी काहीच न विचारता खरवडणी आणायला गेले. त्यांच्या न विचारण्याने तिला रडू आलं.

फळी सुकायला आता काही दिवस जाणार होते. त्याच सुमारास, लाँच कुठे अडकली ते पाहायला त्याचे आजोबा स्वतः आले. हातात काठी होती, आणि आवाज असा की दोन होड्या पलीकडे ऐकू जावा.

"नाव का नाही लागलं अजून?"

"आजोबा, अर्थ कळत नव्हता नीट," ती म्हणाली.

"कळत नव्हता? ज्या दिवशी याला तुमच्याकडे धाडलं त्याच दिवशी सांगितला होता की! ही पोरगी अर्थ विचारते, असं ऐकून होतो, म्हणून घोकून घेतला होता याच्याकडून."

लाँचवाला अचानक इंजिनाचं झाकण तपासू लागला.

"काय सांगितला होता?" तिने हळूच विचारलं.

म्हातारे डब्यावर टेकले. "याच्या आजीला सुरमई भारी आवडायची. मी धरायचो, पण घरी आणायची ऐपत नव्हती. चांगला मासा, म्हणजे विकायचा. दर वेळी ती टोपलीवरचं फडकं उचलून बघायची आणि पुन्हा झाकायची. बोलायची नाही काही. पहिली होडी घेतली तेव्हा म्हणाली, हिचं नाव सुरमई ठेवू या. विकायची नाही, अशी एक तरी सुरमई आपल्या घरात असू दे." ते काठीच्या मुठीवर अंगठा फिरवत राहिले. "बस, एवढंच. तेच नाव आता हिला. रंगबिंग काही नाही."

ते बाबांबरोबर शेडमध्ये गेले. बाहेर दोघंच उरली, आणि लाकडावर आपटणारं पाणी.

"बंद करा ते झाकण," ती म्हणाली. "आत काही बिघडलेलं नाही."

त्याने बंद केलं.

"पहिल्याच दिवशी का नाही सांगितलंत?"

"सांगितलं असतं, तर दुसरा दिवस कुठून आणला असता?"

तो जवळ आला, पण हाताच्या अंतरावर थांबला.

"आणि तुम्ही ओल्या फळीवर रंग लावलात..."

"चूक झाली ती."

"तुमच्या हातून?"

"माझ्याही हातून होते," ती म्हणाली, आणि खरवडणी उचलून फळीकडे वळली.

फळी सुकली. आता मात्र टाळाटाळीला जागा नव्हती. अर्थ मिळाला होता, आणि असा मिळाला होता की त्याला वाईट अक्षर देणं पाप झालं असतं. तिने सावकाश काढलं. सुरम्याच्या गडद करड्यात निळ्याचा एक थेंब मिसळला. अंगणात फडकं उचलून पाहणारी एक बाई सगळा वेळ तिच्या मनात उभी होती. काम संपलं तेव्हा आजोबांनी चष्मा पुसून ते वाचलं, पुन्हा पुसला, आणि तिच्या डोक्यावर हात ठेवला.

निघायच्या सकाळी तो एकटाच नावापाशी उभा होता. त्याने जपून, न टेकता, वाकून पाहिलं.

"वर वॉर्निश नाही दिलंत?"

"नाही."

"खाऱ्या पाण्यात हे वर्षभरसुद्धा टिकायचं नाही."

"टिकू नये म्हणूनच नाही दिलं," ती म्हणाली. "उडालं की आणा. पुन्हा काढून देईन."

त्याने तिच्याकडे पाहिलं. काहीतरी सांगायला तोंड उघडलं, पण धक्क्यावरून कुणीतरी दोर सोडल्याची आरोळी ठोकली, आणि त्याचं वाक्य नेहमीसारखं अर्धंच राहिलं. ती "पुढे?" म्हणेपर्यंत मध्ये पाणी आलं होतं.

त्यानंतरचे दिवस तिने कसे काढले, ते कुणाला सांगण्यासारखे नव्हते. होड्या येत होत्या, लोक अर्थ सांगत होते, ती ऐकत होती. पण मनात तिचा एकच हिशेब चाले: खारा वारा किती, ऊन किती, एक अक्षर फिकट व्हायला किती अवधी लागेल. रंगाने लवकर उडावं म्हणून झुरणारी जगातली ती एकटीच पेंटर असावी. बाबांना सगळं कळत होतं. एकदा ते एवढंच म्हणाले, "पुढच्या वेळी रंगात जरा टर्पेंटाइन जास्त घाल, लवकर उडेल." आणि तीही हसली, रडता रडता.

एका सकाळी गोदीत ओळखीचं इंजिन वाजलं. ती ब्रश घेऊनच धावली. लाँच धक्क्याला लागत होती, आणि तिच्या अंगावर चारही अक्षरं लख्ख होती. एक टवकासुद्धा उडालेला नव्हता.

तो उतरला. उन्हाने काळवंडलेला, अवघडलेला.

"रंग तर तसाच आहे," ती कशीबशी म्हणाली.

"माहीत आहे. रोज बघत होतो. उडायचं नावच घेईना." त्याने श्वास घेतला. "मग म्हटलं, रंगासाठी कशाला थांबायचं? मालकांच्या मागे लागलो. बेटावरून या धक्क्यापर्यंत नवी फेरी सुरू करतायत. सकाळी इथून निघायचं, संध्याकाळी इथेच परत. मुक्काम इथे. बाबांना सोडून तुला कुठे जावं लागणार नाही... म्हणजे, तुला चालणार असेल तर."

तो 'तू' म्हणाला होता. बहुधा त्याच्याही लक्षात आलं नसावं.

"आज कुठली गोष्ट आणली नाहीस?" तिने विचारलं.

"नाही. आज नुसतं सांगायला आलोय. मला तू आवडतेस. पहिल्या दिवसापासून. एवढंच आहे, पुढे काही नाही."

एवढं सरळ, एवढं पूर्ण वाक्य तिने त्याच्या तोंडून पहिल्यांदाच ऐकलं होतं. शेडच्या दारात बाबा उभे होते. ते घाईने आत वळले आणि रिकामेच डबे जोरजोराने वाजवू लागले.

तिने ब्रश खाली ठेवला, रंगाने माखलेले हात पदराला पुसले, आणि ते पुरते कोरडे व्हायच्या आधीच त्याचा हात धरला.