ओली ओढणी

फळ्यावर पंज नदी काढायची झाली की मी खडू आडवा धरतो आणि एका दमात ओढतो. हाताला इतकी सवय झाली आहे की वळणं आपोआप येतात. नदीच्या अलीकडे आमचं गाव, बटाट्याची वावरं, ट्रकांचा रस्ता, तालुक्याचा दवाखाना. पलीकडे दुसरा देश, तिथे काही नाही. म्हणजे पुस्तकातल्या नकाशात काही नाही, तिथे नुसता पिवळा रंग दिला आहे. वर्गाच्या खिडकीतून मात्र पलीकडची गाढवं दिसतात, जवाची वावरं दिसतात आणि चुलींचा धूर आपल्यासारखाच वर जाताना दिसतो.

"सर, पलीकडचं काय काढायचं?" दरवर्षी कोणीतरी विचारतंच. यंदा नजरिशोनं विचारलं.

"परीक्षेला नाही ते."

"पण सर, तुमची शकरमोताई तर तिकडेच दिलीय ना?"

वर्ग हसला. मीही हसलो. काय करणार?

शकरमो माझी एकुलती एक मुलगी. पुलाजवळच्या कुंपणात दर शनिवारी दोन्ही काठांचा बाजार भरायचा, तेव्हाची गोष्ट. आमच्याकडून पीठ, तेल, सिमेंट जायचं. तिकडून चहा, कापड, लोकर यायची. (आमच्या काठावरून सगळ्यात जास्त बाहेर जातात ती तरणी पोरं, मॉस्कोला, पण तेही पुस्तकात नाही.) शकरमो आईनं विणलेले लोकरी मोजे घेऊन बसायची. समोर दादखुदा नावाचा तिकडचा पोरगा चहा विकायचा. दर शनिवारी तो मोजे घ्यायला लागला, तेव्हा माझी बायको ओफरीन म्हणाली, "अगं, त्याला पाय किती आहेत ते विचार तरी!"

बोली एक, पंथ एक, कदाचित पणजोबाही एकच. कागदपत्रं केली आणि लग्न लावून दिलं. पुढच्याच वर्षी बाजार बंद पडला, पुलाच्या फाटकाला कुलूप लागलं. त्यालाही आता चौथं वर्ष होतं. तिचं गाव नदीच्या वळणामागे, आमच्या घरावरून दिसत नाही. आमच्या टॉवरची रेंज तिच्या अंगणाच्या एका कोपऱ्यात यायची, तिथे उभी राहून ती आईशी बोलायची. थंडीत तिचे दिवस भरत आले आणि एकदम फोन लागेनासा झाला.

"तिकडच्या लोकांनी कार्ड बंद पाडलं असेल," मी म्हणालो.

ओफरीननं सुया काढल्या. तिनं बाळाचे मोजे विणायला घेतले. लाल लोकर, टाचेवर काळी नक्षी. नवरोजच्या सणानंतर बाजार पुन्हा भरणार अशी बातमी आली, तेव्हा मला वाटलं, सुटलो. आता काय ते कळेल. नातवाचं किंवा नातीचं तोंड दिसेल.

नवरोजच्या संध्याकाळी आमच्याकडे पोरं धाब्यावर चढतात आणि माथ्यावरच्या झरोक्यातून खाली ओढणी सोडतात. घरातल्यांनी तिच्या टोकाला कुल्चा, अंडी, मिठाई असं काहीतरी बांधायचं. वर बघायचं नाही, कोण आहे म्हणून विचारायचं नाही आणि ओढणी रिकामी परत पाठवायची नाही. रिकामी यायची आणि भरून जायची, असा तो शकुन आहे. पोरं ओरडून गाव डोक्यावर घेतात. नजरिशोनं तर एकाच संध्याकाळी तीनदा ओढणी सोडली, दर वेळी आवाज बदलून.

"बाळा, आवाज बदललास, पण ओढणी तरी बदलायची!" ओफरीन खालून म्हणाली. वरून खसखस पिकली आणि पावलं धडधडत गेली.

दिवेलागण झाली. पोरं आपापल्या घरी परतली. चुलीवर मेंढीच्या मुंडीबरोबर गहू शिजत होते आणि घरभर तोच वास होता. मी ताटं मांडत होतो, तेवढ्यात झरोक्यातून आणखी एक ओढणी खाली आली. वर कोणी ओरडलं नाही, हसलंही नाही. ओढणी सावकाश उतरली आणि ओफरीनच्या खांद्याच्या उंचीवर येऊन थांबली.

ती ओली होती. टोकातून पाणी ठिबकून गालिच्यावर पडत होतं.

"अरे, एवढ्या थंडीत कोण भिजलं?" मी म्हणालो.

ओफरीननं ओढणीचं टोक हातात धरलं. हिरव्या कापडावर पिवळी बारीक फुलं होती. शकरमोची अशीच होती. आम्ही दोघांनीही ती ओळखली, पण मी मनात म्हणालो, अशा ओढण्या बाजारात गठ्ठ्यानं येत होत्या. ओफरीननं कुल्चा बांधला. मग थांबली, शिंक्यावरून लोण्याचा गोळा काढला, कापडात गुंडाळला आणि तोही बांधला. ओढणी वर गेली.

मी शिडीवरून धाब्यावर गेलो. दुपारपासून बर्फ भुरभुरत होतं. पोरांच्या पावलांवर नवा थर बसला होता आणि त्या थरावर एकही ठसा नव्हता. झरोक्याच्या चौकटीवरचं बर्फ तेवढं एका जागी वितळलं होतं.

दुसऱ्या दिवशी वर्गात मी खडसावून विचारलं, "सगळ्यात शेवटी माझ्या धाब्यावर कोण होतं?"

"मी नव्हतो सर, आईशप्पथ," नजरिशो म्हणाला. "शेवटी मीच होतो, पण त्याच्यानंतर मी नव्हतो."

त्याचं गणित त्याच्यापाशी. मी पुढचा धडा काढला.

त्या संध्याकाळी नवरोज नव्हता. तरी ओढणी आली. त्याच्या पुढच्या संध्याकाळीही आली. दर वेळी ओली आणि दर वेळी मुकी. ओफरीन आता तिची वाट बघत बसायची. तिनं बाळाचे मोजे बांधले. मग टोपडं बांधलं. मग आपल्या अंगावरची जुनी मऊ शाल कापून तिची दुपटी बांधली. मी चिडलो. भूगोल शिकवणाऱ्या माणसाच्या घरात हे काय चाललंय?

"ओफरीन, उद्या मी वर लपून बसतो. कोण आहे ते बघतोच."

"अहो मास्तर, आयुष्यभर पोरांना 'वर बघू नका' सांगितलंत. आता तुम्हीच बघणार?" तिचा आवाज शांत होता. "मागतंय ते द्यावं. विचारू नये."

मी वर गेलो नाही. भीती वाटली म्हणून गेलो नाही, हे इथे सरळ सांगतो.

बाजाराचा दिवस उजाडला. ओफरीनच्या पासावर शिक्का मिळाला नव्हता, माझ्या मिळाला होता. पुलापलीकडच्या कुंपणात आमच्याकडचे आमच्या दारानं आणि तिकडचे तिकडच्या दारानं जातात. ज्यानं ज्या दारानं यायचं, त्यानं त्याच दारानं परत जायचं. आत जुनीच गर्दी होती, तेच गठ्ठे, तीच घासाघीस. इतक्या वर्षांनी भेटलेली माणसं एकमेकांच्या हातांची चुंबनं घेत होती आणि लगेच चहाच्या भावावरून भांडत होती. मला बरं वाटलं. दादखुदा मला आधी ओळखू आला नाही. तो एका पोत्यावर बसला होता. समोर विकायला काही नव्हतं. मांडीवर बाळ होतं.

त्यानं माझा हात डोळ्यांना लावला आणि सोडलाच नाही. मला तेव्हाच कळलं.

"कधी?" मी विचारलं.

"थंडीत. पोटात फार दुखायला लागलं. तुमच्या काठावरच्या दवाखान्याचे दिवे दिसतात ना आम्हाला, ती म्हणाली तिकडे न्या. आम्ही खाटेवर घालून पुलापर्यंत आणलं, बाबा. फाटकावरचे लोक म्हणाले, वरून परवानगी येऊ दे. येईपर्यंत नदीकाठीच झाला हा. ती..." त्यानं बाळाकडे बघितलं. "ती तुमच्या दिव्यांकडेच बघत होती. वारा होता. डोक्यावरची ओढणी उडून पाण्यात पडली. मी म्हणालो, जाऊ दे. ती म्हणाली, 'ओढणी पोचेल.' एवढंच बोलली. तिसऱ्या दिवशी आम्ही गेलेल्या माणसासाठी लावतात तो दिवा तिच्या नावानं लावला."

मी त्याच्या पोत्यावरच बसलो आणि भर बाजारात रडलो. लाज वाटली नाही.

बऱ्याच वेळानं मी बाळाला घेतलं. इल्होम नाव ठेवलं होतं. त्याच्या पायांत लाल मोजे होते, टाचेवर काळी नक्षी.

"तुम्ही कोणाबरोबर पाठवत होतात, बाबा?" दादखुदानं हळूच विचारलं. "रोज सकाळी पाळण्यात काही ना काही सापडायचं. मोजे, टोपडं. लोणीसुद्धा. मी गावात कोणाला विचारलं नाही. म्हटलं, विचारलं तर थांबेल."

मी इल्होमचा घसरलेला मोजा वर ओढला.

"घरात बाईमाणूस नाही," तो म्हणाला. "शेळीचं दूध देतो, तर तोंडाला लावत नाही. साखरेचं पाणी नाही, काही नाही. आणि तरी बघा कसा टुमटुमीत आहे. मला त्याचीच भीती वाटते. आजीकडे न्याल का त्याला?"

आम्ही दोघं आमच्या दाराशी गेलो. तिथला शिपाई तरणा होता, माझाच एक जुना विद्यार्थी. त्यानं बाळाकडे बघितलं, मग माझ्याकडे, आणि कानापर्यंत लाल झाला.

"सर, सामान असतं तर सोडलं असतं. माणूस नाही सोडता येत."

"अरे, हा काय माणूस आहे? केवढा आहे बघ तरी!"

"सर, नका ना. माझी नोकरी जाईल."

बाजार उठायची शिट्टी झाली. मी इल्होमला त्याच्या बापाच्या हातात परत दिलं. पूल ओलांडताना मागे बघितलं नाही.

घरी आलो तेव्हा ओफरीन झरोक्याखाली बसली होती. मी सगळं सांगितलं. ती रडली नाही. मला वाटतं, तिचं रडून झालं होतं, आणि मी फळ्यावर नद्या काढत बसल्यामुळे मला ते दिसलं नव्हतं.

"पहिल्याच संध्याकाळी कळलं मला," ती म्हणाली. "जिवंत असती तर माझ्या लेकीनं ओली ओढणी आईच्या हातात दिली असती का?"

बाहेर अजून उजेड होता. नदीचा आवाज येत होता. ओफरीननं वर बघितलं. आमच्या सबंध संसारात तिला ओढणीच्या वेळी वर बघताना मी पहिल्यांदाच पाहिलं.

"शकरमो," ती म्हणाली, "आण गं त्याला. मी बसलेय इथे."

आम्ही बसून राहिलो.

झरोक्यातला उजेड जरासा झाकला गेला.

ओढणी खाली यायला लागली. रिकामी नव्हती. गाठ मारलेली होती आणि खाली वजन होतं. ते वजन हेलकावे खात, कुठेही न आपटता, फार सांभाळून कोणीतरी सोडावं तसं उतरलं.

ओफरीननं दोन्ही हात पुढे केले.

गाठ सुटली. ओढणी हलकी झाली आणि वर गेली.

लाल मोजे वरपासून खालपर्यंत भिजलेले होते. बाकी बाळ कोरडं होतं.

पुढच्या शनिवारी मी बाजारात गेलो, तो चोरासारखा. दादखुदा दिसला. मी काही बोलण्याआधीच त्यानं विचारलं, "आजीला ओळखतो का?" मी मान हलवली. तो हसला, मग तोंड फिरवून उभा राहिला. गावात आम्ही सांगितलं की ओफरीनच्या चुलत घराण्यातलं पोरकं पोर आहे. लोकांनी मान डोलावली. नजरिशो तेवढा म्हणाला, "सर, याचं नाक अगदी शकरमोताईसारखं." मी त्याला नकाशा पुरा करायला बसवलं.

ओढणी त्यानंतर आली नाही. आता पुन्हा बर्फ पडायला लागलं आहे आणि ओफरीन झरोका बंद करू देत नाही. मी कुरकुर करतो. घर बर्फासारखं गार पडतं, सरपण पुरत नाही.

"थंडी वाजत असेल तर आणखी एक गोधडी घ्या," ती म्हणते. "तो उघडाच राहील."

शेळीचं दूध इल्होम इथेही पीत नाही. बाटली पुढे केली की तोंड फिरवतो. ओफरीन त्याला जबरदस्ती करत नाही. पोर मात्र दिवसागणिक जड होत चाललं आहे.

आज पहाटे मी तिच्या आधी उठलो. इल्होम पाळण्यात जागा होता. डोळे झरोक्याकडे लावून एकटाच हसत होता. पाळण्याभोवतीचा गालिचा ओला होता. त्याच्या ओठाच्या कोपऱ्यातून दुधाची एक रेघ हनुवटीवर आली होती. मी ती बोटानं पुसली.

दूध अजून कोमट होतं.