भिंतीवरच्या रेघा

बंधाऱ्यावर एक मोठं दार, पाटाच्या फाट्यांवर चार आणि शेतांच्या तोंडाशी एकशे अठ्ठावीस, अशी हिंगणदऱ्यात एकूण एकशे तेहेतीस दारं होती. त्यांतल्या एकालाही हात लावायला आता माणूस लागत नव्हता. बंधाऱ्याशेजारच्या खोलीत दोन खुर्च्या, एक फावडं, संगणकाचा एक पडदा आणि तीन पुस्तकं होती. पुस्तकांची पानं मिळून सहाशे बारा भरत. त्यांतली सोळा हरवलेली होती.

पुस्तकं तालुक्याच्या वाचनालयाची, पण गेले पाच आठवडे ती कौतिक सोनवणेकडेच होती. कौतिक गावची पाटकरी. एका पाटावरची सगळी शेतं मिळून जो फड होतो, त्या फडाचं पाणी पाळीपाळीनं वाटून देणं हे तिचं काम. तिच्या सासऱ्यांनीही आयुष्यभर तेच केलं होतं. मागच्या वर्षापासून दारं आपली आपण उघडू लागली. नदीची पातळी, जमिनीची ओल आणि उताराचा हिशेब बघून कोणतं दार किती वेळ उघडायचं, हे संगणकातली एक आज्ञावली ठरवत असे. ती माणसानं लिहिलेली नव्हती. यंत्रलेखकानं ती तीन सेकंदांत लिहून दिली होती.

सरकारी नियम मात्र साधा होता. आपल्या पाण्याची आज्ञावली ज्या गावाला वाचता येते, त्या गावानं ती स्वतः चालवावी. वाचणारं कुणीच नसेल तर दारं जिल्ह्याच्या कचेरीतून उघडतील. मुदत सत्तावीस डिसेंबरची; त्या दिवशी वाचणाऱ्याची परीक्षा. पंचांनी एकमतानं कौतिकचं नाव पुढं केलं, कारण बारावीला तिचं गणित होतं आणि बाकी कुणाचंच नव्हतं.

“पाच आठवड्यांत काय शिकलीस?” खोलीच्या दारात बसल्या बसल्या भिला नानांनी विचारलं. नाना फडाचे जागले, म्हणजे राखणदार. वय अडुसष्ट. दारं शहाणी झाल्यापासून त्यांना राखण्यासारखं फारसं उरलं नव्हतं, म्हणून ते कौतिकला राखत.

“पाचाचं क्रमगुणित काढायला शिकले, नाना. पाच गुणिले चार गुणिले तीन गुणिले दोन गुणिले एक. तिन्ही पुस्तकांत पहिलं उदाहरण तेच आहे.”

“मग किती आलं?”

“एकशे वीस.”

“एकशे वीस काय? पोती?”

“नुसते एकशे वीस.”

“तीन मोठ्या माणसांनी तीन पुस्तकं लिहिली,” नाना म्हणाले, “आणि एकालाही सांगता आलं नाही की एकशे वीस काय!”

कौतिक हसली, पण तिला ती पुस्तकं आवडू लागली होती. यंत्रलेखक नेहमी फलनशैलीत लिहीत असे, कारण त्या लिखाणाची तपासणी गणितासारखी करता येते. फलन म्हणजे काय, हे पहिल्या पुस्तकानं नीट सांगितलं होतं. त्याच्या हातात काही ठेवायचं, ते आपल्याला काहीतरी परत देतं. तेच ठेवलं तर तेच परत मिळतं. आज, उद्या, शंभर वर्षांनी. ते मागचं काही आठवत नाही, आणि दिलेलं काही पुसतही नाही.

दुसऱ्या पुस्तकातली हरवलेली सोळा पानं नेमकी स्वावर्तनाची होती. फलन स्वतःलाच पुन्हा हाक मारतं, एवढंच त्यांच्या अलीकडच्या पानावर होतं. पुढचं कौतिकनं बंधाऱ्यावर उभं राहून शोधलं. पहिल्या शेताला त्याचं पाणी दे; उरलेलं पाणी उरलेल्या शेतांना ह्याच रीतीनं वाट. हे तर ती वीस वर्षं करत होती! तिनं ते त्याच दुपारी पडद्यावर लिहिलं आणि चालवलं. पडद्यावरचा पाट एकशे अठ्ठाविसाव्या शेतापुढं गेला, एकशे एकोणतिसाव्या शेताला पाणी मागू लागला, मग एकशे तिसाव्या. पडदा गोठला.

तिसऱ्या पुस्तकात खाली बारीक अक्षरांत लिहिलं होतं: थांबायचं कुठं, ते आधी लिहा.

“मला कसं सुचणार?” ती नानांना म्हणाली. “शेवटच्या शेतापुढं ओहळ, ओहळापुढं नदी. आपल्याकडं पाण्याला थांब म्हणून कुणी सांगितलंय कधी?”

तेव्हापासून तिला एक सवय लागली. कुठलीही आज्ञावली ती शेवटापासून वाचू लागली.

शेवट बघण्याचं आणखी एक कारण होतं. शेवटच्या शेतात इंदू शिरसाठचा गहू होता, आणि दोन पाळ्या त्याला पाणीच मिळालं नव्हतं. नदी यंदा बारीक होती. नानांच्या मते पाटाला खेकड्यांनी भोकं पाडली होती, म्हणून ते दोन दिवस चिखलात गुडघे टेकून फिरले. भोक एकही सापडलं नाही. सात खेकडे सापडले; त्यांचं कालवण झालं.

सत्तावीस तारखेला सकाळी परीक्षक मृदुला बेंद्रे आल्या. त्यांच्यामागून पंच आले, आणि सगळ्यात मागं इंदू, पदरात मूठभर पिवळी पडलेली गव्हाची रोपं घेऊन. रोपं खुर्चीवर ठेवून भिंतीशी उभी राहिली.

“दोनच प्रश्न असतात, कौतिकबाई,” बेंद्रे म्हणाल्या. “ही आज्ञावली काय करते, आणि काय करत नाही. सुरुवातीपासून वाचा.”

“शेवटापासून वाचलं तर चालेल?”

“का?”

“पाटकरी आधी शेवटच्या शेतावर जातो, मॅडम. तिथं पाणी पोचलं म्हणजे मधलं सगळं ठीक.”

बेंद्रेंनी मान हलवली. कौतिकनं वाचायला घेतलं. “शेतांची यादी रिकामी असेल तर थांब. नसेल तर पहिल्या शेताला पूर्ण पाणी दे. उरलेलं पाणी उरलेल्या शेतांना ह्याच रीतीनं.” तिनं आकडे घातले. एका शेताला तीनशे घनमीटर. पाळीला नदीतून मिळणार छत्तीस हजार. “म्हणजे एकशे वीस शेतं भिजतात.”

“परत एकशे वीस!” नाना दारातून म्हणाले.

“शेवटची आठ कोरडी. पुढच्या पाळीला नदी तेवढीच, यादी तीच, म्हणून उत्तर तेच. तीच आठ कोरडी.” कौतिक थांबली. “आज्ञावलीत चूक नाही. मागच्या पाळीला कोण तहानलेलं राहिलं, हे तिच्या हातात कुणी ठेवलंच नाही.”

“ठेवायला हवं होतं का?” बेंद्रेंनी विचारलं. “यंत्रलेखकानं गावाकडून सगळी माहिती मागवली होती. एकूण दोनशे चौदा नोंदी आहेत.”

कौतिकनं समोरच्या भिंतीकडं पाहिलं. भिंत आकाशी रंगाची, अगदी स्वच्छ होती. पंचांनीही तिकडं पाहिलं, आणि एकेकानं नजर खाली घातली.

“त्या भिंतीवर गेरूच्या रेघा होत्या,” ती म्हणाली. “कुणाची पाळी कोरडी गेली की सासरे त्याच्या शेताच्या नंबरापुढं एक रेघ ओढायचे. ज्याच्या रेघा जास्त, पुढच्या पाळीला तो पहिला. मीही तेच केलं. मागच्या वर्षी यंत्र बसवायला इंजिनिअर येणार, म्हणून आम्ही खोली रंगवून काढली.”

“पाहुण्यांना ओरखडे कसे दाखवायचे!” एक पंच पुटपुटले.

“रंगाचे दोन हात मीच मारले,” नाना म्हणाले.

बेंद्रेंनी कागदावर काहीतरी लिहिलं. “आज्ञावली काय करत नाही, ते तुम्ही सांगितलंत. वाचक म्हणून तुम्ही पास आहात, दारं गावाकडंच राहतील. बदल सुचवायचा असेल तर यंत्रलेखकाला सांगू शकता.”

“मी लिहिते,” कौतिक म्हणाली.

तिला वीस मिनिटं लागली. आधी तिनं थांबायचं कुठं ते लिहिलं. मग पाणी आणि शेतांची यादी ह्यांच्या जोडीला फलनाच्या हातात तिसरी गोष्ट ठेवली: रेघांची यादी. जास्त रेघांची शेतं पुढं, सारख्या रेघांची जुन्याच क्रमानं. पाळी संपली की फलन दोन गोष्टी परत देणार, पाण्याचं वाटप आणि रेघांची नवी यादी. जुनी यादी तशीच जपलेली राहणार. रंगाचा हात तिच्यावरून कधीच फिरणार नव्हता. बेंद्रेंनी तिच्या सात ओळी दोनदा वाचल्या आणि एकही शब्द बदलला नाही.

तिसऱ्या पाळीचं वाटप पडद्यावर उमटलं. एकशे एकवीस ते एकशे अठ्ठावीस ही शेतं सर्वांत आधी. कोरडी राहणारी शेतं: एकशे तेरा ते एकशे वीस.

नाना उठून पडद्याजवळ आले. बोटानं आकडे मोजत ते एकशे सतरावर थांबले. एकशे सतरा नंबर त्यांचा होता.

“पाच आठवडे मी तुला चहा पाजला,” ते म्हणाले, “आणि तू माझंच दार बंद केलंस?”

“तुम्ही नाही म्हणालात तर हा बदल पंचांपुढं ठेवावा लागेल, नाना.”

नानांनी खुर्चीवरचं एक रोप उचललं, मुळं बोटांनी चाचपून पाहिली आणि पुन्हा ठेवलं. मग त्यांनी इंदूकडं पाहिलं.

“माझा गहू दोन पाळ्या पिऊन बसलाय, आठ दिवस कळ काढेल,” ते म्हणाले. “पण कौतिक, माझी रेघ ओढलीस ना? ओढलेली दाखव. माझा त्या पडद्यावर भरवसा नाही.”

कौतिकनं फळीवरून गेरूचा जुना खडा काढला आणि तो नानांच्याच हातात दिला.

मोठं दार सकाळी अकरा वाजता उघडलं. बारा वाजून दहा मिनिटांनी एकशे अठ्ठाविसाव्या शेतात सहा सेंटिमीटर पाणी उभं होतं. एकशे सतराव्यात शून्य. आकाशी भिंतीवर रेघ एक.