सोडलेल्या सीताफळाची करंजी

"देवाले दाखवल्याबिगर जिभीवर ठेवाचं नाही, खुशे. नाकानं चाखाचं, कानानं आयकाचं. करंजी तेलात पडली का बोलते, आपुन फक्त आयकाचं."

तानाबाई आत्या जाऊन दोन वर्षं झाली होती. पण कढई तापली की तिचा आवाज खुशीच्या कानाशी यायचाच. आत्याचे सगळे नेम भाचीकडे आले होते. सकाळी तुळशीला पाणी घालेपर्यंत मौन. देवाला दाखवल्याशिवाय कशाची चव घ्यायची नाही. आणि दर चातुर्मासात एक आवडीचा जिन्नस सोडायचा, तो थेट कार्तिकातल्या बारशीपर्यंत. यंदा तिने सीताफळ सोडलं होतं. नेमकं यंदाच... देवाला थट्टा करायची लहर आली.

खुशी दारव्ह्याला शिवणक्लासमध्ये शिकवायची. त्या संध्याकाळी बाजारामुळे परतीची जीप खचाखच भरली होती. तेवढ्यात एक उंच, उन्हाने रापलेला मुलगा सीताफळांची टोपली घेऊन आत घुसला आणि टोपली मांडीवर धरून तिच्यासमोरच अवघडून बसला. बाजारात अर्धीच विकली गेली होती बहुतेक. गावाबाहेरच्या खड्ड्यात जीप आदळली आणि एक पिकलेलं सीताफळ उडालं, ते नेमकं तिच्या ओढणीवर येऊन फुटलं.

"अरे बाप्पा! सॉरी... सॉरी हं. पुसू नका, डाग वाढते. खाऊनच टाका ना."

"मी सीताफळ सोडलं आहे," ती हळूच म्हणाली.

"सोडलं? काहून? त्यानं काय केलं बिचाऱ्यानं?"

शेजारच्या बाया फिसकन हसल्या. खुशीचे कान तापले.

"त्यानं काई नाही केलं. मले लय आवडते, म्हणून सोडलं."

तो विचारात पडला. "म्हणजे... तुमाले जे आवडते, थे तुमी सोडता?"

"चार महिने."

"अन् मंग परत घेता ना?" त्याने असं काळजीने विचारलं की प्रश्न सीताफळाचाच आहे की काय, अशी तिला शंका आली. ती खिडकीबाहेर बघू लागली. बाहेर बघण्यासारखं काही नव्हतं. कपाशी होती, ती रोजच असायची.

दोघंही एकाच फाट्यावर उतरले. डांबरी रस्त्याच्या अलीकडे तिचं गाव, पलीकडे त्याचं. त्याचं नाव रजत. नागपूरला आयटीआय करून तो नुकताच परतला होता आणि लोहाऱ्याच्या एका कारखान्यात लागला होता. उतरताना त्याने फुटकी, मऊ पडलेली सगळी सीताफळं तिच्या पिशवीत ओतली.

"घरी नेली तर बाबा मले बोलतीन. तुमी खाऊ नका, पण देवीले तर चालते ना?"

देवीला चालत होती. नवरात्रातली अष्टमी दोन दिवसांवर होती, आणि फळ वाया घालवणं खुशीला पाप वाटायचं. तिने बिया काढल्या, गर चाळणीतून गाळला, साखर घालून कढईत छान घट्ट होईपर्यंत आटवला. रवा-मैद्याला तुपाचं मोहन देऊन पाऱ्या लाटल्या, मधोमध सारण ठेवलं, कडेला दुधाचं बोट फिरवून करंज्या मिटल्या आणि मुरड घातली. तेलात सोडल्यावर त्या आत्याने सांगितल्यासारख्या बोलल्या. रंग कसा, तर पिवळ्या शेवंतीचा. वासही गोड आला. नैवेद्य झाल्यावर एरवी तिने एक तोंडात टाकली असती. पण सीताफळ सोडलेलं... तिने हात जोडले आणि ताट देवळात नेलं.

अष्टमीला रजत देवळात आला. त्याच्या गावात देवी नव्हती असं नाही. पण आला. द्रोणातल्या करंज्या त्याने एकामागून एक संपवल्या आणि वर आणखी एक मागून घेतली.

"कशा झाल्या?" तिने विचारलं. "खरं सांगा हं. मले तर चाखता येत नाही."

तो एक घोट पाणी प्यायला. मग आणखी एक. "एक नंबर!"

त्या रात्री खुशी झोपेतही हसत होती, असं तिच्या आईने सकाळी सांगितलं.

नवमीला पहाटे ती देवळाचं अंगण झाडायला गेली. पारिजातकाखाली एक करंजी पडली होती, एका घासापुरती खाल्लेली. दीपमाळेच्या मागे दोन होत्या. कण्हेरीच्या बुंध्याशी तर कुणीतरी चार करंज्या नीट पानात गुंडाळून ठेवल्या होत्या. खुशी खराटा धरून तशीच उभी राहिली. एवढ्यात रुपीबाईची बकरी आली. ही बकरी म्हणजे गेल्या वर्षी मंडपाचं कापड खाणारी. तिने एक करंजी हुंगली, चाटली, शिंकली आणि तोंड फिरवून निघून गेली.

नेमका त्याच वेळी रजत फाटकातून आत आला. पहिल्या पाळीच्या आधी दर्शन घ्यायला. सलग दुसऱ्या दिवशी.

खुशीला बोलता येत नव्हतं, तुळशीला अजून पाणी घालायचं होतं. तिने वाकून पानातली एक करंजी उचलली आणि हात लांब करून त्याच्यासमोर धरली.

"हे... हे काय?"

ती बघत राहिली. तिचे डोळे एरवी पाण्यासारखे शांत असत. आज त्या पाण्याला उकळी होती.

"अवो, बोला ना काई. रागवा. तुमचं हे मौन लय डेंजर हाय." त्याने मान खाली घातली. "कडू होत्या. लय कडू. पयल्या घासालेच समजलं मले."

ती वळली, तांब्या भरला आणि देवळापुढच्या तुळशीला सावकाश पाणी घातलं. तो मागे उभाच होता. मग तिने दिवसाचे पहिले शब्द उच्चारले.

"तुमी खोटं बोलले. देवीच्या अंगणात."

"देवीनं माफ केलं असन. थ्याच करंज्या तिनंबी खाल्ल्या ना."

हसू आलं होतं. तिने ते आवंढ्यासारखं गिळलं.

"मले या चार महिन्यांत सीताफळाची जीभ नाही. म्हणून तुमची मांगतली. तुमी थे बी खोटी देल्ली." तिचा आवाज चढला नाही, उलट आणखी खाली गेला. "गावानं सांगतलं नाही, समजते. प्रसादाले कोणी नाव ठेवत नाही. पण तुमाले मी इचारलं होतं."

तिने करंजी त्याच्या हातात ठेवली आणि खराटा उचलला.

त्यानंतर रोज सकाळी फाट्यावर रस्त्याच्या एका बाजूला ती दारव्ह्याच्या जीपसाठी उभी असे, दुसऱ्या बाजूला तो लोहाऱ्याच्या बससाठी. मधून ट्रक जात, कापसाच्या गाड्या जात. ती त्याच्याकडे बघत नसे. तो दुसरीकडे कुठे बघत नसे.

घरी वडिलांनी विषय काढला. विठ्ठलराव कमी बोलणारे. जेवता जेवता म्हणाले, "तुळशीचं लगन झालं का पाव्हणे येतीन तुले पाहाले. त्याच्या आंधी मनात कोणी असन तर सांग. मंग सांगून फायदा नाही." तिने त्यांना भाजी वाढली. मनात होता, हेच तर दुखणं. करंजी कडू निघाली याचं तिला वाईट वाटलं नव्हतं. पण जन्मभर जो प्रत्येक गोष्टीला "एक नंबर" म्हणेल, त्याच्या घरात आपलं काय चुकलं हे कोण सांगणार? पुन्हा बकरीच?

दसऱ्यानंतरची गोष्ट. रस्त्यापलीकडून हाक आली.

"अवो! ओढणीचा दोरा लोंबकळून राह्यला मागून! हातभर!"

फाट्यावरच्या सगळ्यांनी वळून बघितलं. खुशीने मागे हात नेला. दोरा होता. शिवण शिकवणारीच्या ओढणीला!

दुसऱ्या दिवशी: "आज डोळे सुजले हाय. झोपल्या नाही तुमी!"

तिसऱ्या दिवशी तो मधले ट्रक चुकवत रस्ता ओलांडून आला.

"खरं बोलाची प्रॅक्टिस करून राह्यलो," तो गंभीरपणे म्हणाला. "जमून राह्यली का?"

"लोकायसमोर वरडाची गरज नाही."

"मंग हळू सांगतो. मी मायले इचारलं, सीताफळ कडू काहून झालं. थे म्हणे, सीताफळाले आच सोसत नाही. आटवलं का कडू होते. थे थंडच खाव लागते. तळाची करंजी कराची तर पेरूची करा म्हणे."

"तुमच्या आईले काय सांगतलं तुमी?"

"सगळं."

"सगळं म्हणजे?"

"सगळं म्हणजे सगळं," तो म्हणाला आणि त्याची बस आली.

त्या रविवारी खुशीने पिकलेले पेरू उकडले, चाळणीवर घासून बिया वेगळ्या केल्या, गूळ घालून गर आटवला, सुंठ-वेलची टाकली आणि सारण पूर्ण गार होऊ दिलं. गरम भरलं की पारी फाटते. तळून, देवाला दाखवून, तिने डबा भरला. सोमवारी फाट्यावर डबा त्याच्या हातात गेला. मंगळवारी निकाल आला.

"बी राह्यली एक. दातात टचकन आली."

"बरं."

"मुरड सुंदर हाय, पण पारी जाड झाली. चपलेवानी."

"चपलेवानी?" तिच्या भुवया वर गेल्या.

"खरं सांगाचं ठरलं ना आपलं..."

पुढच्या खेपेला पारी पातळ झाली, पण गूळ जास्त झाला. त्याच्या पुढच्या खेपेला तेल तापलंच नव्हतं, करंज्या तेल पिऊन बसल्या. तो सगळं सांगायचा, तीही ऐकून घ्यायची, आणि चिडण्याच्या नावाखाली थोडी जास्त वेळ उभी राहायची. जीपवाला हॉर्न वाजवून थकायचा. दिवाळीच्या आधी एके सकाळी आभाळ भरून आलं, चार थेंब पडले. दोघंही बंद टपरीच्या पत्र्याखाली उभे राहिले. त्याने डबा उघडला, एक करंजी मोडली. आवरण खुसखुशीत तुटलं, आत पेरूचा गुलाबी गर. तो हळूहळू खात होता. ती त्याच्या तोंडाकडे बघत होती, मग लाजून डब्याच्या झाकणाकडे.

"काही नाही," तो म्हणाला.

"काही नाही म्हणजे?"

"चूक सापडत नाही. लय शोधली."

तिने श्वास सोडला. पत्र्यावर थेंब वाजत होते.

"आता एक खरं राह्यलं," तो म्हणाला. "सांगू?... मले करंजी आवडत नाही."

"काय?"

"गोडच आवडत नाही मले. लहानपणापासून. ठेचा-भाकर देल्ली तर दोन टाइम खाईन."

"मंग एवढे दिवस... अन् त्या अष्टमीच्या कडू..."

"करंजी नाही आवडत," तो करंजीच्या उरलेल्या तुकड्याकडे बघत म्हणाला. "कशी झाली म्हणून इचारणारी आवडते."

खुशी पावसाकडे बघत राहिली. तिचा एक हात ओढणीच्या टोकाशी खेळत होता, जिथे सीताफळाचा डाग अजून फिकट दिसत होता.

"बाबा तुळशीच्या लग्नाच्या आंधी उत्तर मांगतीन," ती म्हणाली.

"अन् तुमी?"

तिने डब्याचं झाकण लावलं. "तुमच्या बांधावरचं शेवटचं सीताफळ कवा उतरवता?"

"आता संपतच आली. काहून?"

"एक राखून ठेवा. बारशीले माहा चातुर्मास सुटते. तुमच्याच झाडाचं सीताफळ खाऊन नेम सोडीन म्हणते. आली... तर समजून घ्या. नाही आली, तर पाखरांले देऊन टाका."

त्याने खिशातला पांढरा रुमाल काढला. "आजच बांधतो त्याच्यावर. पाखरांचा काय भरोसा?"

एकादशीच्या संध्याकाळी, देवापुढच्या दिव्याशी बसून, खुशीने आईला सगळं सांगितलं. पडवीत विठ्ठलराव खाटेवर पडले होते. घोरणं मधेच थांबलं होतं, म्हणजे ऐकत होते.

"पोरगा कसा हाय?" आईने विचारलं.

"तोंडावर चूक सांगते," खुशी म्हणाली.

"मंग तुह्या आत्याले आवडला असता."

पडवीतून खाकरण्याचा आवाज आला, आणि काही वेळाने घोरणं पुन्हा सुरू झालं.

बारशीच्या सकाळी तिने अंघोळ केली, न बोलता कढई चढवली. करंज्या तेलात बोलल्या, तिने ऐकल्या. देवाला दाखवल्या, तुळशीला पाणी घातलं, दिवा ठेवला. डब्याच्या वरच्या कप्प्यात पेरूच्या करंज्या भरल्या, त्याच्या आईसाठी. खालच्या कप्प्यात ज्वारीची भाकर आणि हिरव्या मिरचीचा ठेचा.

अंगणात विठ्ठलराव तुळशीच्या मांडवासाठी ऊस बांधत होते. तिने चप्पल घातली, तशी ते मान वर न करता म्हणाले, "संध्याकाळी तुळशीचं लगन हाय. पाव्हण्यांले बोलवाचं असन तर आताच बोलावून ये."

फाट्यावर जीप उभी होती. "दारव्हा, दारव्हा! चला ताई, जागा हाय!"

खुशीने मान हलवली. डबा छातीशी धरला, दोन्हीकडे बघितलं, आणि आजवर तिच्यासाठी जो रस्ता नेहमी तोच ओलांडत आला होता, तो आज तिने ओलांडला. पलीकडे तुरीच्या शेतामधून पाऊलवाट जात होती, दव अजून ओलं होतं. वाटेच्या टोकाला, बांधावरच्या झाडात, काहीतरी पांढरं हलत होतं.

ती त्या दिशेने चालू लागली.