चार बोटांचा पाय

मोहिनीच्या पिशवीत कायम तीन गोष्टी असत: प्रश्नांची यादी, पाण्याची बाटली आणि स्टीलची सहा इंची पट्टी. त्या पट्टीवरून ऑफिसात तिची यथेच्छ थट्टा व्हायची. ही बाई स्वतःच्या लग्नात नवरदेवाचं नाक मोजून बघेल, असं सगळे म्हणायचे. पण मोजल्याशिवाय कशावरही विश्वास ठेवायचा नाही, हा तिचा हट्टच होता.

देवळीच्या स्टँडवरून ऑटो करून ती देवकाबाईंच्या घरी पोचली, तेव्हा अकरा वाजले होते आणि उन्हानं डोळे उघडवत नव्हते. देवकाबाईंचा धाकटा मुलगा गोपाल जेलमध्ये होता. थोरला भाऊ, वहिनी आणि त्यांची सहा वर्षांची मुलगी, अशा तिघांचा घरच्याच पिठाच्या चक्कीत खून केल्याबद्दल खालच्या कोर्टानं त्याला फाशीची शिक्षा सुनावली होती. हायकोर्टानं कायम केल्याशिवाय अशी शिक्षा अमलात येत नाही, आणि ती सुनावणी नऊ दिवसांवर आली होती. गोपाल लहानपणी कसा होता, शाळा कधी सुटली, हे सगळं लिहून नेणं हे मोहिनीचं काम. फाशीची निदान जन्मठेप व्हावी, एवढीच तिच्या वकीलसाहेबांची आशा होती.

पुरावे दोनच होते. चक्कीतला भागीदार रूपराव यानं गोपालला पळताना पाहिलं होतं. आणि सांडलेल्या पिठात उमटलेल्या अनवाणी डाव्या पायाचा पोलिसांनी फोटो काढला होता. त्या पायाला करंगळी नव्हती. गोपालच्याही डाव्या पायाची करंगळी कडबा कापायच्या मशीनमध्ये गेलेली. तज्ज्ञानं दोन्हीकडची बोटं मोजली, चार निघाली, आणि विषय संपला.

देवकाबाईंनी सगळ्या प्रश्नांची उत्तरं दिली. मग म्हणाल्या, "आता माह्यं एक पाहून घे, पोरी."

आतल्या खोलीत बांबूचं मोठं डालं पालथं घातलं होतं, वर दगड.

"दहाव्याच्या राती याच्याखाली पीठ चाळून दिवा ठेवलता. मेलेलं मानूस कोन्या जन्मात गेलं, त्याचा ठसा उमटते ना पिठात. सकाळी डालं उचललं, तं हा पाय. तवापासून दर शनिवारी मी पीठ चाळतो, आन् दर शनिवारी तो येते."

मोहिनीला हसू आलं, पण चौकसपणा काही गप्प बसेना. शनिवारच होता. तिनं जमीन स्वतः पुसली, पीठ स्वतः चाळलं, डालं ठेवलं, दगड ठेवला आणि समोर फतकल मारून बसली. दुपार तापत गेली. पंखा कुरकुरत होता. हळूहळू खोलीत चक्कीतून नुकत्याच निघालेल्या गरम पिठाचा वास भरला. घरात तर दळण नव्हतं.

मधेच ओट्यावर कुणीतरी खाकरलं. रूपराव होता.

"वयनी, कोन पाहुनी आली?"

"हायकोर्टाची हाय. आत या ना, भाऊ."

"नाई. बूट काढा लागते."

मे महिन्यात, अख्खं गाव चपलांवर असताना त्याच्या पायात मोजे आणि कातडी बूट होते. थोडा वेळ उंबऱ्याबाहेर थांबून तो निघून गेला. मोहिनीनं डालं उचललं.

पिठात डावा पाय उमटला होता. चार बोटं. पट्टी दोनदा लावून तिनं मोजलं: साडेनऊ इंच.

"पयले तोंड भिताडाकडे होतं त्याचं," देवकाबाई म्हणाल्या. "दर खेपेले थोडा थोडा वळून राह्यला. आज तं दाराकडे हाय."

मोहिनीनं मोबाइलवर फोटो काढला. फोटोत नुसतं सपाट पीठ. काच पुसून तिनं पुन्हा काढला, आणखी एकदा काढला. पीठच.

"हा माह्या गोपालचा नाई," देवकाबाई शांतपणे म्हणाल्या. "त्याचं अंगठ्याच्या बाजूचं बोट लांब हाय. तेल लावून लावून मले पाठ हाय तो पाय."

मोहिनीनं घाईघाईनं फाईल उघडली. जेलमध्ये घेतलेल्या शाईच्या ठशात अंगठ्याशेजारचं बोट लांब होतं. पोलिसांच्या फोटोत मात्र अंगठाच लांब होता. तीन वर्षं सगळे नसलेल्या बोटाकडेच बघत बसले होते, असलेल्या बोटांकडे कुणाचं लक्षच गेलं नव्हतं! तिला इतका आनंद झाला, की तिनं म्हातारीला मिठी मारली.

"आजी, गोपाल सुटू शकतो."

सुनावणीच्या सोमवारी कोर्टाच्या पायऱ्या चढताना फोन आला.

"पोरी, परवा पीठ कोरंच राह्यलं. तो गेला."

"कुठं गेला, आजी?"

"मले काय माहीत? दाराकडे तोंड होतं ना त्याचं."

न्यायमूर्तींसमोर पोलिसांच्या मूळ फोटोचं मोहोरबंद पाकीट उघडलं गेलं. त्यांनी फोटो हातात घेतला, उलटा करून पाहिला, पुन्हा सुलटा केला.

"यात ठसा कुठं आहे?"

फोटोत सपाट पीठ होतं, आणि त्यावर मापाची पट्टी. सरकारी वकिलांनी आपली प्रत काढली. तीही तशीच. मोहिनीच्या फाईलमधलीही.

"मग नुसतं पळताना पाहिलं, एवढ्यावर ही शिक्षा दिली?" न्यायमूर्तींनी विचारलं.

गोपाल वाचणार, हे मोहिनीला कळत होतं. गरम पिठाचा वास येत होता.

तिनं खाली पाहिलं.

टेबलाजवळच्या काळ्या फरशीवर एक पांढरा डावा पाय होता. चार बोटं. पुढं आणखी एक. त्याच्या पुढं आणखी एक.

रांग शेवटच्या बाकाकडे जात होती. तिथं सुनावणी ऐकायला आलेला रूपराव बसला होता. डावा बूट त्यानं बाकावर वर ओढून घेतला होता आणि गुडघा दोन्ही हातांनी गच्च धरला होता.

मोहिनीनं ठसे मोजले. सात.

मग, सवयीनं, पुन्हा एकदा मोजले. आठ.