राजपुत्राचं काम कोण करतंय?

शिंप्याकडून ताईचा झगा आणायचं काम माझ्याकडे होतं. काळा, गळ्याशी उंच चुणीदार कॉलर असलेला, आणि इतका जड की दोन्ही हातांवर आडवा घेऊन चालताना झोपलेलं मूल नेतेय असं वाटत होतं. मी तो थिएटरच्या मागच्या दाराने आत नेला. बाहेर टळटळीत दुपार होती. आत दुपार कधी पोचतच नसे. ओल्या लाकडाचा आणि जुन्या पडद्यांच्या धुळीचा वास, आणि छताजवळ एक पिवळट दिवा.

"आलं का राणीसाहेबांचं कफन?" नाटक बसवणारे आमचे सर स्टेजवरून ओरडले.

"काहीही काय बोलता हो सर," ताई म्हणाली. "आधीच घसा बसलाय माझा."

नाटक म्हणजे चारशे वर्षांपूर्वीच्या एका इंग्रजी शोकांतिकेचं भाषांतर. गोष्ट साधी आहे. गादीसाठी एक राणी आपल्या लहानग्या दिराला, राजपुत्राला, राजवाड्यातल्या हौदात बुडवते. शेवटच्या अंकात ती सिंहासनावर एकटी बसलेली असताना तो ओलाचिंब होऊन येतो, तिला काही विचारतो, आणि म्हणतो, "चल ना, वहिनी." ती म्हणते, "येते." आणि त्याच्यामागून निघून जाते.

सरांनी राजपुत्राचं भूत काढूनच टाकलं होतं. "तो तिच्या मनात आहे," ते म्हणायचे. "लोकांना फक्त राणीचं बोलणं ऐकू जाईल, आणि मधली शांतता." शेवटचं "येते"सुद्धा काढलं होतं. राणी बसूनच राहणार, आणि अंधार.

मी प्रॉम्प्टर. विंगेत स्टुलावर बसायचं आणि कोणी अडकलं की ओळीचे पहिले शब्द पुरवायचे. चार लोकांत मला तोंड उघडता येत नाही. पण अंधारात, एकाच माणसाला ऐकू जाईल इतकं हळू, मला छान बोलता येतं. सर मला कुजबुज म्हणायचे. शांतता नेमकी किती ठेवायची हे ताईला कळावं म्हणून तालमीत राजपुत्राची वाक्यं मी विंगेतून वाचत असे. रंगीत तालमीपासून मात्र गप्प बसायचं, असं ठरलं होतं.

आमच्या आत्याने तरुणपणी याच थिएटरात हीच राणी केली होती. त्या संध्याकाळी ती मटार सोलत बसली होती.

"राजपुत्राचं काम कोण करतंय?" तिने विचारलं.

"कोणीच नाही," मी म्हणाले. "तो मनात आहे."

"कोणाच्या?"

"राणीच्या. सर म्हणतात, तुमच्या वेळी तो स्टेजच्या उघडत्या फळीतून वर यायचा तेव्हा लोक हसत असतील."

"हसायचेच. पीठ फासलेलं पोर ते, स्वतःच्याच पिठाने शिंकायचं." आत्याही हसली. मग तिचे हात थांबले. "माझ्या आधीच्या राणीच्या वेळी तो मरतच नसे. शेवटी जिवंत सापडायचा आणि सगळे मिळून गाणं म्हणायचे. त्याच्याही आधी म्हणे मोठ्या बाप्यालाच चादर पांघरून उभा करत. प्रत्येकाने आपापला अर्थ लावला. पण तिथे कोणी ना कोणी उभं असायचंच."

"का?"

"आम्हाला कोणी सांगितलं नाही, आणि आम्ही विचारलं नाही." तिने एक शेंग नुसतीच हातात धरून ठेवली. "जागा आहे ना ती, बाळा. भरलेली बरी."

"आत्या, हिला घाबरवू नकोस गं," ताई आतून म्हणाली. "मला झेपेल इतकंच भित्रं राहू दे तिला."

रंगीत तालमीला मी ओठ घट्ट मिटून बसले. संहितेवर बोट ठेवून ताईचं बोलणं मागोमाग वाचत होते. ताई एक वाक्य बोलायची, थांबायची, आणि राजपुत्राचं वाक्य माझ्या बोटाखाली संपलं की त्याच क्षणी पुढचं बोलायची. जराही चुकत नव्हती. मी मनातल्या मनात शाबासकी दिली.

मग एका ठिकाणी ती फार वेळ थांबली. तिने मान खाली कलती केली. आपल्यापेक्षा बुटक्या कोणाचं तरी ऐकताना करतात तशी.

आणि ती सिंहासनावरून उठली. मागच्या बाजूला चालू लागली, जिथून पूर्वी भूत वर यायचं त्या फळीकडे. ती फळी केव्हाच खिळे ठोकून बंद केली होती. लाकूड कुजलं होतं आणि खाली तळघर.

"ओ बाई!" थिएटर सांभाळणारे काका ओरडले. "तिकडे पाय नका ठेवू, थेट खाली जाल!"

ताई झोपेतून उठल्यासारखी थांबली.

"उठणं मस्त आहे!" सर खालून म्हणाले. "ठेव ते."

मेकअप रूममध्ये ताईने माझा गालगुच्चा घेतला. "बरं झालं तू वाचलंस. नाहीतर आज माझं काही खरं नव्हतं."

"मी... नाही वाचलं."

"चल! तुझाच आवाज होता. फक्त जरा जवळून." ती कॉलर सोडवत होती. "आणि ते 'मी कधीचा उभा आहे' कुठून घातलंस? ते संहितेत नाही."

मी सरांकडे गेले. अडखळत सगळं सांगितलं. तिथे कोणालातरी उभं करा, अगदी कोणालाही, असंही म्हणाले.

"कुजबुज, उद्या नाट्यशाळेचे परीक्षक येणार आहेत. ताईचा प्रवेश त्यांच्या हातात आहे," सर म्हणाले. "तिच्या डोक्यात काही भरवू नकोस."

मग मी काकांना सांगून फळीच्या पुढ्यात एक जड खुर्ची ठेववली. दुसऱ्या दिवशी प्रयोगाआधी बघितलं, तर खुर्ची भिंतीशी होती. काका म्हणाले, "मी नाही बुवा हलवली."

प्रयोग दुपारचाच होता. शेवटचा अंक सुरू झाला आणि विंगेत साचलेल्या पाण्याचा वास यायला लागला. ताईवर एकच प्रकाश होता. ती बोलायची, थांबायची. नाट्यगृहात कोणी खोकतसुद्धा नव्हतं.

आणि त्या शांततेत मला माझा आवाज ऐकू आला.

माझे ओठ मिटलेले होते. मी हाताने चाचपून बघितले. कुजबुज समोरून येत होती, फळीच्या बाजूने.

"...मी कधीचा उभा आहे..."

ताई उठली. एक पाऊल टाकलं. दुसरं.

"...चल ना, वहिनी..."

ताईने "येते" म्हणायला तोंड उघडलेलं मला दिसलं.

मी कशी उठले ते मला सांगता येणार नाही. संहिता खाली पडली. तोंडावर प्रकाश आला आणि समोर ती सगळी माणसं. मी ताईच्या आणि फळीच्या मधे जाऊन उभी राहिले, फळीकडे पाठ करून. पाठीला ओलं फडकं लावल्यासारखं गार लागत होतं.

"वहिनी," मी म्हणाले. एवढ्या मोठ्याने मी आयुष्यात बोलले नव्हते. "नको येऊस. बस."

ताई माझ्याकडे बघत राहिली. मग हळूहळू मागे सरकली आणि सिंहासनावर बसली. अंधार झाला. टाळ्या थांबेनात.

"मला न विचारता स्टेजवर येतेस?" सर आधी चिडले. परीक्षक आत येऊन ताईचे हात हातात घेऊन गेल्यावर म्हणाले, "ठेवू या ते."

ताईला बरोबर घेऊन मी मागच्या दाराने बाहेर पडले. ऊन होतं, रस्त्यावर वर्दळ होती. मला इतकं हलकं वाटत होतं की रडू येईल असं वाटलं.

"वेडाबाई," ताई म्हणाली. "तू उभी होतीस ना, तेव्हा मला खरंच जाग आल्यासारखं झालं."

"आता रोज उभी राहीन."

"रहा की." ती म्हणाली. "पण त्याला हाताला धरून कशाला आणलंस गं?"

ताई पुढे निघाली. मी उजवा हात खिशात घालायला गेले.

तो सुटेना.